बेयग्लीचा रोल ओव्हनमध्ये फुटतो, नाताळच्या आत जमवायचाय

जुळे सोलापूर

सर्वांना नमस्कार. माझा मुलगा नोकरीनिमित्त बुडापेस्टला असतो, सूनही तिथलीच. दोघं डिसेंबरात घरी येतायत आणि सिद्धेश्वराची यात्रा, गड्डा सगळं बघूनच परत जाणार आहेत. सुनेचा सोलापुरातला हा पहिलाच नाताळ. तिकडे नाताळात घरोघरी बेयग्ली करतात. गोड पिठाचे, आत सारण भरून गुंडाळलेले लांबट रोल असतात. एक अक्रोडाचा, एक खसखशीचा, आणि करायचे ते जोडीनेच. सून म्हणते, "आई, त्रास घेऊ नका, मी शेंगापोळी खाईन." शेंगापोळी तर होईलच. पण सणाच्या दिवशी माहेरचा पदार्थ ताटात नाही, हे मला बरं वाटत नाही.

दोन-तीन व्हिडिओ बघून मी हे प्रमाण ठरवलं: मैदा २५० ग्रॅम, इन्स्टंट यीस्ट ७ ग्रॅम, बटर ४० ग्रॅम, साखर ५० ग्रॅम, १ अंडं, कोमट दूध साधारण ९० मिली. पीठ दुप्पट फुगू दिलं, रोल वळल्यावर पुन्हा फुगू दिला. खसखस रात्रभर भिजवून वाटली आणि दूध-साखरेत शिजवली. अक्रोड मिक्सरवर बारीक करून पिठीसाखर घातली. ओटीजी २०० अंशांवर, ४० मिनिटं.

दर वेळी रोल बाजूने उभा फाटतो. सारण बाहेर येऊन ट्रेवर जळतं. कापल्यावर बघते तर सारण तळाला बसलेलं आणि वर नुसता बोगदा. चवीला वाईट नाही, पण ब्रेडसारखं लागतं. शिवाय सुनेने फोटो पाठवलाय त्यात वरच्या भागावर संगमरवरासारख्या बारीक रेषा आहेत, माझा आपला सरसकट तपकिरी.

रोल का फुटतो? बटरऐवजी घरचं तूप चालेल का? आणि तिकडची खसखस काळपट असते, आपली पांढरी, त्याने काही अडतं का? ओटीजी लहान आहे, ट्रे जेमतेम फूटभर लांब.

मधला मारुती

ताई, खसखशीचं मी सांगतो, माझा किराण्याचाच धंदा आहे. पांढरी बिनधास्त वापरा. युरोपात निळसर-काळी जास्त खातात, तिचा वास जरा उग्र आणि मातकट, आपली सौम्य आणि दुधाळ. रंग फिका येईल एवढंच. घेताना तळहातावर चिमूटभर चोळून वास घ्या. जुन्या तेलासारखा वास आला तर परत करा. खसखशीत तेल भरपूर असतं आणि आपल्या उन्हाळ्यात दुकानात राहिलेला माल लवकर खवट होतो. अक्रोडाचंही तेच. फोडलेले घेणार असाल तर एक चावून बघा, घशाशी कडू लागला तर घेऊ नका, साखरेने तो कडवटपणा झाकत नाही. घरी आणल्यावर दोन्ही फ्रीजमध्ये.

बेदाणे घालणार असाल तर बाहेरचे कशाला शोधता, पंढरपूरकडचे घ्या. कोमट पाण्यात धुऊन कापडावर कोरडे करून घाला.

विजापूर वेस

ताई, नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही काही वर्षं बुडापेस्टला होतो. आमच्या मजल्यावर एक आजी राहायच्या, त्यांच्या स्वयंपाकघरात उभी राहून मी बेयग्ली शिकले. आता सोलापुरात घरून ऑर्डर घेते. संक्रांतीला शेंगापोळ्या, डिसेंबरात बेयग्ली. त्यामुळे जरा सविस्तर लिहिते, रागावू नका.

तुम्ही दिलेलं प्रमाण वाचताक्षणी कळलं. हे पोतित्साचं पीठ आहे, बेयग्लीचं नाही. इंटरनेटवर या सगळ्या रोलना एकाच टोपलीत टाकतात आणि मग एकाचं पीठ, दुसऱ्याचं सारण, तिसऱ्याचा आकार असं होऊन बसतं. तीन वेगळे पदार्थ आहेत. व्हिएन्नाकडच्या स्ट्रूडलच्या पिठात यीस्ट नसतंच. मैदा, पाणी, थोडं तेल मळून विश्रांती द्यायची आणि मग टेबलावर कापड पसरून त्यावर ते हाताच्या पाठीने ओढत ओढत खालचं कापड दिसेल इतकं पातळ करायचं. स्लोव्हेनियाच्या पोतित्साला मऊ, चांगलं फुगणारं यीस्टचं पीठ लागतं, आणि ती खास गोल साच्यात भाजतात, त्यामुळे फुगली तरी साचा तिला धरून ठेवतो. हंगेरीची बेयग्ली साच्याशिवाय, ट्रेवर मोकळी भाजतात. तिला फुगणारं पीठ दिलंत की ती फाटणारच, तिला धरायला काही नसतं.

बेयग्लीच्या पिठात लोणी भरपूर आणि यीस्ट नावापुरतं. आजी तर डुकराची चरबीही घालायच्या, जुनी पद्धत तीच. तिकडे थोडी चरबी, थोडं लोणी असं अजूनही करतात. पीठ खुसखुशीत आणि जड हवं, गार असतानाच लाटायचं. तुमच्या ओटीजीसाठी दोन छोटे रोल होतील असं प्रमाण देते:

मैदा २५० ग्रॅम, बिनमिठाचं बटर १०० ग्रॅम, पिठीसाखर ४० ग्रॅम, इन्स्टंट यीस्ट ३ ग्रॅम, एका अंड्याचा पिवळा बलक, चिमूट मीठ, दूध ६० ते ७० मिली. पांढरं टाकू नका, नंतर लागणार आहे. मिठाचं बटर असेल तर वेगळं मीठ नको.

गार बटर मैद्यात बोटांच्या टोकांनी चोळा, रव्यासारखं दिसू लागलं की बाकीचं घाला. दूध बेताबेताने. पीठ एकत्र आलं की थांबा, पुरणपोळीच्या कणकेसारखं तिंबत बसू नका. दोन भाग करा, झाका आणि तासभर फ्रीजमध्ये. दुप्पट होण्याची वाट बघायची नाही. तुम्ही बहुतेक ऑक्टोबरच्या उन्हात केलंय. आपल्याकडे त्या दिवसांत ओट्यावर ठेवलेलं यीस्टचं पीठ बघता बघता वर येतं, आणि ७ ग्रॅम म्हटल्यावर तर विचारूच नका.

तुपाचं विचारलंत. चालतं, पण वजनाला वजन घेऊ नका. बटरमध्ये साधारण ८० टक्के स्निग्धांश असतो, उरलेलं बहुतेक पाणी. तूप जवळजवळ सगळं स्निग्धच. १०० ग्रॅम बटरऐवजी ८० ग्रॅम थिजलेलं तूप घ्या आणि दूध एक मोठा चमचा वाढवा. पातळ केलेलं तूप मात्र नको, पीठ तेलकट होतं आणि लाटताना तुटतं. घरच्या तुपाचा वास खसखशीबरोबर फार छान लागतो. मी स्वतः अर्धं बटर, अर्धं तूप घेते.

आता सारण. आजींकडे दोन पारड्यांचा जुना तराजू होता. एका पारड्यात पीठ, दुसऱ्यात सारण, आणि काटा मधे आल्याशिवाय त्या लाटणं हातात घ्यायच्या नाहीत. जेवढं पीठ तेवढंच सारण. तिकडच्या लोकांचा यावर भारी कटाक्ष. पिठाचा जाड पट्टा दिसला तर बेकरीवाल्याने फसवलं म्हणतात. पण तुम्ही पहिल्यांदा करताना सारण थोडं कमी धरा, पिठाचा गोळा २३० ग्रॅमचा असेल तर सारण २०० ग्रॅम. हात बसला की वाढवा.

खसखस भिजवू नका. तुमच्या फुटण्याचं निम्मं कारण तिथेच आहे. रात्रभर भिजलेली खसखस खूप पाणी घेऊन बसते, ओव्हनमध्ये त्याची वाफ होते आणि ती वाफ पीठ वर उचलते. सारण खाली, वर बोगदा, तो असा होतो. कोरडीच वाटायची. तिकडे त्यासाठी हाताने फिरवायचं छोटं यंत्र मिळतं. आपण मिक्सरच्या चटणीच्या भांड्यात, ११० ग्रॅम खसखस असेल तर ६० ग्रॅम साखरेतली थोडी तिच्याबरोबर घालून, थांबत थांबत फिरवायची. सलग फिरवलीत तर भांडं तापतं, तेल सुटतं आणि लगदा होतो. बोटात घेतल्यावर ओलसर, भुरभुरीत लागली पाहिजे, अख्खे दाणे राहता कामा नयेत. मग ६० मिली दुधात उरलेली साखर उकळून त्यात खसखस आणि एक चमचा बारीक रवा घाला, मिनिटभर परता, गॅस बंद. रवा तिकडेही घालतात. थोडे बेदाणे, लिंबाची किसलेली साल. आपलं कागदी लिंबू तिखट असतं, अर्ध्या लिंबाची पुरे, आणि पांढरा भाग आला तर कडू होतं. पूर्ण गार झाल्याशिवाय पिठावर पसरायचं नाही.

अक्रोडालाही थोडं दूध लागतं, नाहीतर कोरडा चुरा होऊन कापताना गळतो. ११० ग्रॅम अक्रोड, ५० ग्रॅम साखर, ३०-४० मिली गरम दूध आणि दोन चमचे टोस्टचा चुरा. आपल्या गुळाच्या पोळीत गूळ बाहेर येऊ नये म्हणून भाजलेलं बेसन घालतो ना, तसंच काम हा चुरा करतो.

लाटणं: गोळा चौकोनी, साधारण २५ बाय २० सेंटिमीटर, जाडी तीन-चार मिलिमीटर. तीन कडांना बोटभर जागा सोडून सारण सारखं पसरा. दोन्ही बाजूंच्या कडा आधी आत दुमडा म्हणजे टोकांतून काही सांडत नाही. मग वळा. घट्ट ओढायचं नाही, पण आत हवाही राहू द्यायची नाही. प्रत्येक वळशाला तळहाताने हलकं दाबत जायचं. शेवटची कड खाली.

संगमरवराचं गुपित अंड्यात आहे. आधी फक्त पिवळा बलक, पातळ लावायचा. रोल गार जागी, झाकण न ठेवता वाळू द्यायचा. बोट लावल्यावर चिकटत नाही आणि चकाकी जाऊन मंद दिसू लागला की वाळला. आजी जिन्याच्या खिडकीत ठेवायच्या, तिथे बर्फाळ वारा. आपण फ्रीजमध्ये अर्धा तास. मग पांढरं लावायचं आणि परत तसंच वाळवायचं. ओव्हनमध्ये रोल थोडा फुगतो तेव्हा हा वाळलेला थर तडकतो आणि रेषा उमटतात. आपली कोरडी हवा या कामाला चांगली, पण लाटायच्या आधी पीठ उघडं राहिलं तर त्यालाच भेगा पडतात, तोवर झाकूनच ठेवा.

पांढरं वाळल्यावर टोचायचं. स्वेटरची सुई घ्या, वरून आणि दोन्ही बाजूंनी, तीन-तीन सेंटिमीटरवर, थेट तळापर्यंत. वाफेला वाट मिळाली की ती स्वतः वाट फोडत नाही. काट्याने वरवर टोचून उपयोग नाही.

१८० अंशांवर ३० ते ३५ मिनिटं, मधल्या खणात. २०० लहान ओटीजीला फार होतं, वरची कांडी जवळ असते, बाहेरून कवच धरतं आणि आतलं अजून फुगतच असतं. ओव्हनमध्ये ठेवायचा साधा थर्मामीटर घ्या. ओटीजीच्या बटणावरचा आकडा आणि आतली उष्णता यांत बराच फरक असू शकतो.

भाजणी

आमच्या घरी अंडं चालत नाही, आणि वाचून तोंडाला पाणी सुटलंय. बिनअंड्याची होईल का?

विजापूर वेस

होईल. पिठात बलकाऐवजी दोन चमचे घट्ट साय घाला, दूध तेवढं कमी. आमच्या बऱ्याच गिऱ्हाइकांकडे अंडं वर्ज्य आहे, त्यांना अशीच देते. वरून दुधात थोडी साखर विरघळवून लावा, रंग छान येतो. रेषा मात्र येणार नाहीत, त्या अंड्याच्याच. टोचायचं सोडू नका.

पंढरपूरकर

काय ओ काकू, एवढं अक्रोड-खसखस कशाला, आपल्या शेंगापोळीचंच सारण भरा की! सोलापूरची बेयग्ली म्हणून खपेल.

विजापूर वेस

दादा, कल्पना चांगली आहे आणि मी ऑर्डरीत देतेही. पण गूळ तसाच भरलात तर तो वितळून पाकासारखा वाहतो, कारण शेंगापोळी तव्यावर मिनिट-दोन मिनिटांत होते आणि हा रोल अर्धा तास ओव्हनमध्ये राहतो. अर्धा गूळ, अर्धी पिठीसाखर घ्यायची, भाजलेल्या तिळाचं कूट आणि बेसन जरा जास्त. दाण्याचं कूट जाडसर ठेवा, चटणीसारखं तेल सुटेपर्यंत कुटू नका. पण ताईंच्या सुनेसाठी पहिली जोडी अक्रोड-खसखशीचीच होऊ दे. तिकडे खसखस म्हणजे घरात भरभराट आणि अक्रोड म्हणजे संकट दूर, असं मानतात, म्हणून दोन्ही एकत्रच ताटात ठेवतात. सणाला आलेल्या मुलीला निम्मी जोडी कशी द्यायची?

रविवारची भट्टी

वर पोतित्साचा विषय निघालाय म्हणून. मी ती करतो, आणि ताईंचं जुनं प्रमाण वाया जाऊ देऊ नका. तेच पीठ, यीस्ट ४ ग्रॅमवर आणून, केकच्या मधे नळी असलेल्या गोल साच्यात छान होतं. पीठ अर्धा सेंटिमीटर किंवा त्याहून पातळ लाटायचं, अक्रोडाच्या सारणात मध आणि थोडी साय, घट्ट वळायचं, शिवण वर ठेवून साच्यात, आणि इथेही सळईने टोचायचं. भाजल्यावर थोडा वेळ साच्यातच ठेवून मग उलटायचं, म्हणजे साच्याकडची गुळगुळीत बाजू वर येते.

जुना पदार्थ आहे. वाल्वासोर नावाच्या लेखकाने १६८९ मध्ये त्या प्रदेशाचं मोठं वर्णन छापलं, त्यात पोतित्साचा उल्लेख आहे. २०२१ मध्ये युरोपियन युनियनने 'स्लोव्हेन्स्का पोतित्सा' हे नाव पारंपरिक पदार्थ म्हणून नोंदवलं. सारणं कितीतरी. अक्रोड, खसखस, मध, आणि टॅरागॉन नावाच्या हिरव्या पाल्याचीसुद्धा. तो पाला आपल्याकडे सहज मिळत नाही, आणि त्याच्या जागी कोथिंबीर-पुदिना घालू नये असं माझं स्पष्ट मत आहे.

जुळे सोलापूर

तुमच्या सगळ्यांचे किती आभार मानू. विजापूर वेस ताई, तुमच्या प्रमाणाने काल केली. अक्रोडाची अजिबात फुटली नाही, वर रेषासुद्धा आल्या! सुनेला फोटो पाठवला तर तिने तिच्या आईला पाठवला, आणि त्यांचा उलट निरोप आला की वळसे मोजून दाखवा. माझे चार आलेत, ते बरोबर का? खसखशीच्या रोलला मात्र टोकापाशी बारीकशी चीर गेली, सारण सांडलं नाही. आणि आधी करून ठेवली तर किती दिवस टिकेल? त्या दिवशी घर भरलेलं असणार.

विजापूर वेस

अहो, झालीच की मग! चार वळसे अगदी छान. तीनही चालतात. विहीणबाईंना सांगा, कापावर पिठाची आणि सारणाची पट्टी सारख्याच जाडीची दिसतेय ते बघा, वळशांपेक्षा ते महत्त्वाचं.

टोकाची चीर दुमडलेल्या कडेची आहे. तिथे पीठ दुहेरी होतं. दुमडण्याआधी ती कड लाटण्याने जरा पातळ करा आणि टोकापासून दोन बोटांवर एक टोचणी जास्त द्या. दोन्ही रोल ट्रेवर अगदी शेजारी, मधे बटरपेपरची घडी उभी ठेवून भाजले तर एकमेकांना आधारही मिळतो.

टिकण्याचं म्हणाल तर बेयग्ली दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीच जास्त चांगली लागते, सारणाचा ओलावा पिठात मुरतो. गरम असताना कापूच नका, चुरा होतो. पूर्ण गार झाली की अख्खीच बटरपेपरमध्ये गुंडाळून डब्यात. डिसेंबरच्या गारव्यात आठवडाभर बाहेर सहज राहते, फ्रीजमध्ये त्याहून जास्त. उन्हाळ्यात मात्र फ्रीजच. खायच्या आधी तासभर बाहेर काढा, दातेरी सुरीने बोटभर जाडीचे तिरके काप करा. २१-२२ तारखेला करून ठेवा, म्हणजे मुलं आल्यावर तुम्ही ओटीजीपाशी अडकणार नाही. आणि शेंगापोळ्यांचं सारण त्याच दिवशी कुटून ठेवलंत तर तेही काम मार्गी लागेल.